उणंदुण्याचं वय

शासनाने परंपरांचं वय मोजायचं यंत्र आणलं, त्याचं पहिलं वर्ष फार आनंदात गेलं.

यंत्र आपल्याच बाजूने बोलणार अशी दोन्ही बाजूंची खात्री होती. संस्कृती आघाडीला वाटत होतं, आता एकदाचं सिद्ध होईल की आपल्या चालीरीती हजारो वर्षांच्या आहेत. परिवर्तन परिषदेला वाटत होतं, आता एकदाचं सिद्ध होईल की त्या हजारो वर्षांच्याच आहेत, पण दुसऱ्यांच्या घरातून उचललेल्या आहेत. त्यामुळे परंपरा निश्चिती कायदा विधानसभेत एकमताने मंजूर झाला. त्या सभागृहात दोन्ही बाजूंचे हात एकाच वेळी वर गेल्याचा दुसरा प्रसंग म्हणजे भत्तेवाढ.

मग यंत्र फिरायला लागलं. एका शहरातला पूर्वापार दीपोत्सव मागेमागे जात एका नगरसेवकाच्या पहिल्या निवडणुकीपर्यंत गेला आणि तिथेच थांबला. दुसऱ्या शहरातलं शोषितांचं हजार वर्षांचं विद्रोही गाणं एका शिबिरात, दुपारच्या जेवणानंतर रचलेलं निघालं. हळदीला सगळ्यांनी पिवळंच घालायचं ही चाल फोटोग्राफरपाशी जाऊन पोचली. दोन्ही पक्षांनी यंत्रावर जाहीर विश्वास व्यक्त केला आणि खासगीत वकील गाठले. कायदा मात्र झाला होता, आणि आपल्याकडे एकदा झालेला कायदा कुणालाच नको असला तरी चालू राहतो.

यंत्राचं सरकारी नाव लांबलचक होतं. थोरल्या हिवरीत ते पोचलं त्याच दिवशी गावाने त्याचं नाव मूळव्याध ठेवलं आणि विषय सोपा केला.

थोरली हिवरी आणि धाकटी हिवरी या दोन गावांच्या मधून एक ओढा जातो. धुळवडीच्या दुसऱ्या दिवशी दोन्ही गावांतल्या बाया दोन काठांवर उभ्या राहतात आणि एकमेकींना शिव्या देतात. ह्याला उणंदुणं म्हणतात. पुरुष मागे बांधावर बसून ऐकतात. त्यांना बोलायची परवानगी नसते आणि त्या दिवशी तशी कुणाची छातीही नसते. त्या दिवशी नात्यातलं अहो-जाहो बंद. सून सासूला अगं म्हणू शकते.

नियम दोनच. पहिला, एकदा दिलेली शिवी पुन्हा द्यायची नाही. दोन्हीकडच्या एकेका म्हाताऱ्या बाईला खुर्ची टाकून बसवलेलं असतं. शिवी आधी कधी होऊन गेलेली असली की ती खुर्चीतून "जुनी" म्हणते, आणि ती बाई बाद होऊन मागे जाते. दुसरा, उणं निघेल तेवढ्याचंच उत्तर द्यायचं. स्वतःहून खुलासे करायचे नाहीत. खुलासा सुरू केला की लोक उठून चहाला जातात.

सारिका काटकर ही थोरलीकडून पुढे उभी राहणारी बाई. बाकीचं वर्षभर ती मुलांना शाळेत सोडणाऱ्या गाडीचा हिशेब, गोठा आणि नवरा हणमंत यांना सांभाळायची. धाकटीकडून पुढे उभी राहायची शालन. शालन म्हणजे सारिकाची सख्खी नणंद. थोरलीत जन्मलेली आणि ओढ्यापलीकडे दिलेली.

या दोघी सात वर्षं एकमेकींशी बोलत नव्हत्या. सारिकाची सासू गेली तेव्हा शालन लेकीच्या बाळंतपणासाठी नाशिकला होती. ती निघाली, पण गाडी वाटेत बंद पडली. इकडे दिवस मावळायला आला आणि माणसांनी उरकून घेतलं. शालन पोचली तेव्हा अंगणात फक्त चपला उरल्या होत्या. तिने भावाला काही म्हटलं नाही. भावजयीकडे एकदा बघितलं, तेराव्याला जेवली नाही, आणि तिथून पुढे बोलणं बंद.

बंद म्हणजे वर्षाचे बाकीचे दिवस. उणंदुण्याला मात्र दोघी समोरासमोर असायच्या, आणि सगळा व्यवहार त्यातच व्हायचा. "तुझ्या घरवाल्यापेक्षा माझा नातू लवकर बोलाय लागला," असं शालन ओरडली, तेव्हा नातू बोलतो हे थोरलीत कळलं. "गुडघ्यात वाट्या बसवून घेतल्या तरी उंबऱ्याला अडखळतीस, तुझी नजर वर कुठं असती ते समद्या गावाला ठावं," असं सारिका म्हणाली, तेव्हा ऑपरेशनची बातमी इकडेही पोचली आहे हे शालनला कळलं, आणि त्याच संध्याकाळी हणमंत पलीकडे जाऊन बहिणीला बघून आला.

पण आईच्या मरणाचं उणं शालनने सात वर्षांत एकदाही काढलं नव्हतं. आणि सारिकापाशी त्याचं उत्तर पहिल्या दिवसापासून तयार होतं. विचारल्याशिवाय ते देता येत नव्हतं.

या वर्षी भर पडली ती एका बातमीची. शालन शिमगा झाला की मुलाकडे बंगळुरूला जाणार होती, कायमची. म्हणजे हे शेवटचं उणंदुणं. यंदा तरी ती विचारील, असं सारिकाला वाटत होतं. आणि नेमकी यंदाच मूळव्याध गावात आली.

यंत्राबरोबर डॉक्टर केतकी वाघोलीकर आल्या होत्या. औषधाच्या नव्हेत, भाषेच्या. ग्रामपंचायतीच्या हॉलमध्ये त्यांनी नीट समजावून सांगितलं.

"समजा, तुम्ही आईकडून एक गाणं शिकलात. शिकताना एक शब्द चुकलात. तुमची मुलगी तो चुकलेला शब्दच बरोबर समजून शिकते, आणि स्वतः आणखी एक चुकते. तिच्या मुलीकडे दोन चुका जातात. शेजारच्या गावात गेलेल्या मावशीकडे पहिली चूक असते, दुसरी नसते. अशी हजारो गाणी, म्हणणी, शिव्या आमच्याकडे साठवलेल्या आहेत. कुठली चूक कुणाकडे आहे हे बघून यंत्र त्यांचा वंशवृक्ष काढतं. रक्त तपासून कोण कुणाचा चुलतभाऊ ते कळतं ना, तसंच. मध्येच एखादा रॉकेल, तिकीट असा शब्द सापडला, की ती फांदी साधारण कधीची तेही कळतं."

"म्हंजे चुकांवरनं वय कळतंय," हणमंत म्हणाला.

"फक्त चुकांवरूनच. ज्यात कुणीच कधी चुकलं नाही, त्याचं वय आम्हाला नाही सांगता येत."

"आमच्या घरात या मग. लई जुनं घर निघंल."

सारिकाने त्याच्याकडे बघितलं. तो खिडकीबाहेर बघू लागला.

यंत्र दुसरीही एक गोष्ट सांगत असे: मूळ चालीत भाषणांमधून, पत्रकांमधून, पडद्यावरून आलेली भर किती. तिला आगंतुक अंश म्हणायचं. वय पन्नासच्या आत भरलं किंवा आगंतुक अंश निम्म्याच्या वर गेला, की ती परंपरा नव्हे, 'अलीकडची सवय'. अलीकडच्या सवयींना सार्वजनिक जागेत बंदी.

हॉलमध्ये दोन पाहुणे होते. संस्कृती आघाडीचे तालुकाप्रमुख धैर्यशीलराव, आणि परिवर्तन परिषदेचे प्राध्यापक सोनटक्के. दोघे एका बाकावर बसले होते, मधे एक माणूस मावेल इतकं अंतर सोडून.

"माझं एवढंच म्हणणं आहे," धैर्यशीलराव उठून म्हणाले, "की आपल्या माताभगिनींच्या तोंडी शिव्या असूच शकत नाहीत. मुळात इथं ओव्या होत्या. जलदेवतेच्या ओव्या. परकीय राजवटीत त्या बिघडल्या. यंत्र ते दाखवील."

"शिव्याच होत्या," प्राध्यापक बसूनच म्हणाले. "हा स्त्रियांचा व्यवस्थेविरुद्धचा उद्रेक आहे. त्याच्या ओव्या करायचा डाव तुमचा. या भगिनी एकमेकींना नाही, पुरुषसत्तेला शिव्या देतायत. त्यांना ते माहीत नसेल."

"मी तर शालनला देते," सारिका म्हणाली.

"वरवर," प्राध्यापक म्हणाले.

खुर्चीवाली बायडाक्का हॉलच्या दारात बसून हे ऐकत होती. उणंदुण्यात थोरलीकडून "जुनी" म्हणायचा मान तिचा. तिने शेजारणीला विचारलं, "ह्ये दोघं कोणाकडचं?"

"दोन्ही पार्ट्यांचं."

"ते न्हवं. थोरलीचं का धाकटीचं?"

"कुठलंच न्हाईत."

"मग का भांडत्यात?"

ध्वनिमुद्रण शाळेच्या वर्गात ठेवलं होतं. आधी थोरलीच्या पाच-सहा बायांना आत बसवलं. समोर टेबलावर जेवणाच्या डब्याएवढं यंत्र, त्याला मायक्रोफोन. केतकीबाई म्हणाल्या, "चला, द्या शिव्या."

बाया एकमेकींकडे बघून हसायला लागल्या.

"कुणाला?"

"नेहमी देता तशाच."

"समोर कोण हाय? फळ्याला देऊ?"

म्हणून धाकटीच्या बायांना बोलावलं. त्या आल्या आणि सारिकाच्या समोरच्या बाकावर शालन बसली. मुलांचे बाक होते. दोघींचे गुडघे एकमेकींना लागत होते. सात वर्षांत त्या इतक्या जवळ आल्या नव्हत्या. मध्ये ओढा नव्हता, वाळू नव्हती, ओरडायची गरज नव्हती. शालनच्या कानाजवळचे केस पांढरे झाले होते आणि तिने ते रंगवायचं सोडलं होतं, हे ओढ्यावरून कधी दिसलं नव्हतं. सारिकाला एकदम वाटलं, आत्ता बोलावं. पण काय म्हणून सुरुवात करायची? तेवढ्यात शालनने बाक जरा मागे ओढला.

आणि इथे दोन्ही गावांनी मिळून ती चूक केली, जी फक्त त्याच गावांना करता आली असती.

उणंदुणं आठवड्यावर आलं होतं. प्रत्येकीच्या पोटात वर्षभर जमवलेला नवा माल होता. तो यंत्रापुढे काढला असता, तर समोरच्या गावाने ऐकला असता आणि आठवड्याने "जुनी" म्हणून बाद केला असता. जुन्या शिव्या द्याव्या, तर त्या बायडाक्काच्या साक्षीने एकदा बाद झालेल्या. त्या पुन्हा तोंडात घ्यायच्या म्हणजे उष्टं खाल्ल्यासारखं. मग द्यायचं काय? समोर सरकारी बाई बसलेली. रिकाम्या हाताने तरी कसं पाठवायचं?

कोपऱ्यातल्या एकीने वाट काढली. टीव्हीवर रोज संध्याकाळी चार माणसं भांडतात. ते कुणाचंच नसतं. ते वापरलं तर कुणाचं नुकसान नव्हतं.

"तुमची विचारसरणी दिवाळखोर हाय," ती म्हणाली.

धाकटीच्या बायांना क्षणभर कळेना. मग त्यांचे चेहरे उजळले.

"तुम्ही समाजात दुही माजवताय."

"आधी माझं वाक्य पूर्ण करू द्या."

"मी तुमच्या मधी बोलले नव्हते, तुमीबी बोलू नका."

"हे मतांचं राजकारण हाय."

"जनता तुमाला धडा शिकवल्याशिवाय राहणार न्हाई." हे शालनने सारिकाला उद्देशून म्हटलं, भिंतीवरच्या नकाशाकडे बघत.

"तुमच्या पायाखालची वाळू सरकलीय," सारिका म्हणाली. तिने शालनच्या पायांकडे बघितलं. चपलेचा अंगठा तुटला होता आणि तिथे पिन लावलेली होती.

केतकीबाईंनी समाधानाने यंत्र बंद केलं आणि चहा घेतला. त्यांना कुणी नियमांचं सांगितलं नाही, कारण त्यांनी विचारलं नव्हतं.

निकाल तीन दिवसांत आला. उणंदुणं: वय सुमारे पंधरा वर्षे. उगम: दूरचित्रवाणीवरील चर्चा. आगंतुक अंश: सत्त्याण्णव टक्के. शेरा: अलीकडची सवय.

गावात आधी हसू झालं आणि मग तहसीलदारांचा बंदीहुकूम आला, तेव्हा थांबलं.

दोन्ही पक्षांनी निकालाचं आपापल्या परीने स्वागत केलं. धैर्यशीलराव म्हणाले, शिव्या आपल्या नव्हत्या हे शास्त्राने सिद्ध झालं. आता त्याच दिवशी त्याच ओढ्यावर मूळच्या ओव्यांचा कार्यक्रम होईल. प्राध्यापक म्हणाले, यंत्र व्यवस्थेला विकलं गेलं आहे. आता त्याच दिवशी त्याच ओढ्यावर निषेधाचं पथनाट्य होईल. दोघांनी अर्ज केले, दोघांना परवानगी मिळाली, आणि दोघांनी आपापल्या कार्यक्रमाचं वय मोजून घ्यायला केतकीबाईंना बोलावलं.

सारिकाने केतकीबाईंना फोन केला.

"मॅडम, ते आमचं नव्हतंच. ते टीव्हीचं होतं."

"हो, यंत्राने तेच सांगितलंय."

"खरं आम्ही दिलंच न्हाई. आधी दिलं की बाद होतं."

"मग आता द्या. फेरतपासणी करता येईल. पण त्यासाठी प्रत्यक्ष कार्यक्रमाचं ध्वनिमुद्रण लागतं."

"मग कार्यक्रम करतो."

"कार्यक्रमाला बंदी आहे," केतकीबाई म्हणाल्या. "मी काय बोलतेय ते मलाही ऐकू येतंय, ताई. पण नियम असा आहे."

घरात हणमंतचं म्हणणं वेगळं होतं. तो भाकरी मोडत म्हणाला, "एवढं हाय तर सरळ फोन लाव की शालूला. दोन गावं कशाला पाहिजेत?"

"लावते."

तिने खरंच लावला. शालननेच उचलला.

"वन्सं, मी सारिका."

"हं. बरं हाय का समदं?"

"बरं हाय. तुमचं?"

"बरं हाय."

सभ्य बोलण्याची हीच अडचण असते. बरं हाय म्हटलं की दार लागतं. पलीकडे कुणीतरी बॅगा ओढत होतं त्याचा आवाज येत होता.

"ठेवू का?" शालन म्हणाली.

"ठेवा."

हणमंतने विचारलं, "झालं का बोलणं?"

"झालं," सारिका म्हणाली आणि त्याच्या ताटात आणखी एक भाकरी इतक्या जोरात टाकली की आमटी सदऱ्यावर उडाली.

उणंदुण्याच्या दिवशी सकाळी ओढ्याच्या दोन्ही काठांवर मांडव होते. थोरलीच्या काठाला संस्कृती आघाडीचा. त्यात जिल्ह्याहून आणलेल्या बारा बाया, सगळ्या एकाच रंगाच्या नऊवारीत, हातात छापील ओव्या. धाकटीच्या काठाला परिवर्तन परिषदेचा. त्यात डफ, आणि काळे कुडते घातलेली मंडळी. मध्ये वाळूत, दोन्हीकडून सारख्या अंतरावर, केतकीबाई यंत्र घेऊन बसल्या होत्या. दोन्ही गावांतल्या बाया नेहमीच्याच जागी उभ्या होत्या. त्यांना बंदी उणंदुण्याची होती, प्रेक्षक व्हायची नव्हती. बायडाक्काने आपली खुर्चीही नेहमीच्या जागी लावून घेतली. हवालदाराने विचारलं, तर म्हणाली, "उभं राहवत न्हाई बाबा."

ओव्या सुरू झाल्या आणि डफही सुरू झाला. पाच मिनिटांनी कुणालाच काही ऐकू येईना. धैर्यशीलरावांनी माइक घेतला आणि डफ थांबवण्याची नम्र विनंती केली. प्राध्यापकांनी माइक घेतला आणि नम्रतेमागची हुकूमशाही उघडी पाडली. गायिका आणि कलाकार दोन्ही गप्प होऊन ऐकू लागले.

"तुम्ही समाजात दुही माजवताय," धैर्यशीलराव म्हणाले.

"जुनी," बायडाक्का खुर्चीतून म्हणाली.

तिला माइक नव्हता, पण पन्नास वर्षं ओढ्यापार ऐकू जाईल असं बोलायची सवय होती.

"तुमची विचारसरणीच दिवाळखोर आहे," प्राध्यापक पलीकडून म्हणाले.

"जुनी," धाकटीच्या म्हातारीने हात वर केला. "आठवड्यामागं शाळंत झाली."

बांधावरचे पुरुष हसले. नियमाप्रमाणे त्यांनी हसायचंही नसतं.

"आधी माझं वाक्य..."

"जुनी."

"जनता तुम्हाला..."

"ती बी जुनी. गप ऱ्हावा, दोघंबी बाद. मागं जावा."

आणि चमत्कारिक गोष्ट अशी की दोघेही मागे गेले. त्या दोन काठांवर बाद झालेल्या माणसाने मागे जायची इतकी जुनी सवय होती, की लोकांनी आपोआप वाट करून दिली आणि पायांनी ती धरली. मांडवामागे गेल्यावर त्यांच्या लक्षात आलं, पण तेव्हा माइक पुढे राहिले होते आणि ते दोघे मागे.

पुढे कुणीच नव्हतं. मग धाकटीकडून शालन दोन पावलं पुढे आली.

सारिका पुढे झाली. आपण कधी पुढे झालो ते तिला कळलं नाही.

नेहमी ती पहिली शिवी सारिकाच्या स्वैपाकापासून काढायची. या वेळी तिने पदर खोचला आणि ओरडली:

"ए सारे. माझ्या आईचं तोंड मला बघू दिलं न्हाईस तू. एक तास. एक तास मढं धरून ठेवायला तुझ्या बापाचं काय जात होतं?"

हणमंत बांधावर उठून उभा राहिला. सारिकाने हाताच्या खुणेने त्याला खाली बसवलं, तिथूनच.

सात वर्षं तयार असलेलं उत्तर तिच्या तोंडाशी आलं. ते तिने कधी मोठ्याने म्हणून बघितलं नव्हतं.

"तुझी आई तुला भेटून गेली गं," ती ओरडली. "नऊ वर्षं तिचं हगणं-मुतणं मी काढलं. नऊ वर्षं. आणि शेवटाला डोळं उघडलं तर माझ्याकडं बघून म्हणती, शाले, आलीस व्हय. मी सारिका हाय म्हणाले न्हाई. मी म्हणाले, आले गं आई. माझा हात धरून, तुझ्या नावानं गेली ती. माझं नाव तिच्या तोंडात न्हवतं. तुला कशाला सांगू म्या? तू तिथं नसून मिळवलंस, मी असून न्हाई मिळवलं. आणि वर सात वर्षं मलाच तोंड फिरवून दावतीस, सटवे?"

तिचा आवाज शेवटाला फाटला. खाली वाळूत पाण्याची एक बारीक धार वाहत होती, तेवढीच ऐकू येत होती.

शालन खाली बसली. वाळूतच. बाया तिच्याकडे धावल्या, तिने त्यांना कोपराने ढकललं. पदराने तोंड पुसलं, नाक पुसलं, आणि हाताच्या आधाराने, बसवलेल्या गुडघ्यांवर भार देत, पुन्हा उभी राहिली. उत्तर द्यायचं राहिलं होतं. उत्तर न देता मागे गेलं की हार.

"आईला ऐकाय कमी येत होतं," ती ओरडली, "म्हणून खपलीस. न्हाईतर तुझ्या त्या फुटक्या घमेल्यागत आवाजाला ती माझा आवाज समजती व्हय? आणि आई काय म्हणालीस तिला? मी जन्मात तिला आई म्हणाले न्हाई, आये म्हणायची. मरताना तिला वाटलं आसंल, पोरगी शिकून आली कुठनं."

पहिल्यांदा धाकटीच्या बाया हसल्या, मग थोरलीच्या. सारिका हसत होती की रडत होती हे ओढ्यापलीकडून सांगता आलं नसतं.

दोन्ही गावांनी खुर्च्यांकडे बघितलं. धाकटीच्या म्हातारीने डोळे मिटून जुनी सालं आठवून पाहिली. बायडाक्काने तेवढाही वेळ घेतला नाही.

"नवी," ती म्हणाली. "दोघींचीबी. चालू द्या."

मग चालू झालं. वर्षभराचा माल दोन्हीकडून बाहेर पडला. हवालदाराने साहेबांना फोन लावून सांगितलं की प्रेक्षकांमध्ये आपसांत बोलणं सुरू आहे. बारा भाड्याच्या गायिकांपैकी दोघींना कळलं की त्यांचं आजोळ धाकटीचं आहे, आणि त्यांनी ओव्यांचे कागद खाली ठेवले.

उन्हं चढल्यावर सगळं संपलं, तेव्हा सारिका वाळूत केतकीबाईंपाशी गेली. त्या यंत्राकडे बघत बसल्या होत्या.

"काय म्हणतीय तुमची मूळव्याध?"

"जुळणारा नमुना नाही. सकाळपासून तुमच्या एकाही वाक्याला नाही. दोन्ही मांडवांतल्या कार्यक्रमांचं वय लागलं, पंधरा वर्षं. तुमचं लागत नाही." त्यांनी मान वर केली. "ताई, तुम्ही दिलेली शिवी पुन्हा देत नाही?"

"मग? तोच तर नियम हाय."

"आजीकडून एखादी शिकलात, असं..."

"आजीची दिली की बाद."

केतकीबाईंनी यंत्र बंद केलं. "यंत्र नक्कल करताना झालेल्या चुका मोजतं," त्या म्हणाल्या. "तुम्ही नक्कलच करत नाही. त्याला मोजायला काही उरत नाही. यंत्राच्या मते तुमचं वय शून्य आहे. ही पद्धत आज सकाळी सुरू झाली. आणि जे पुन्हा होतच नाही, त्याला सवय तरी कसं म्हणायचं?"

"असू दे," सारिका म्हणाली. "मग बंदी ऱ्हायली का उठली?"

त्याचं उत्तर केतकीबाईंच्या अहवालात आलं. तो अहवाल दोन्ही पक्षांनी आपापल्या मुखपत्रांत छापला, कारण दोघांनाही त्यातून काय घ्यायचं ते कळलं नाही. त्यातलं शेवटचं वाक्य असं होतं: 'सदर ठिकाणी कोणतीही परंपरा अथवा अलीकडची सवय आढळून आली नाही, सबब, बंदी घालण्याजोगे तेथे काही नाही.'

दोन दिवसांनी शालन निघाली. हणमंत बॅगा घेऊन फाट्यापर्यंत आला होता. सारिका मागून चालत आली, हातात भाकरी-चटणीचं गाठोडं. बंगळुरूची गाडी आली. शालन चढली, खिडकीशी बसली. सारिकाने गाठोडं वर दिलं.

"सांभाळून जावा, वन्सं."

"हं." शालनने गाठोड्याचा वास घेतला. कपाळाला आठ्या घातल्या. तिने खिडकीतून डोकं बाहेर काढलं, सारिकाकडे बघून तोंड उघडलं, आणि मिटलं.

"काय?" सारिका म्हणाली. "बोला की."

गाडी सुटली.

"राहू दे," शालन ओरडली. "आत्ता बोलले तर बाद हुईल. शिमग्याला येते."